पलीकडची वाक्यं

१२ जानेवारी

ताई,

फोन तू उचलत नाहीस. मेसेज वाचतेस आणि गप्प बसतेस, तेही मला दिसतं. म्हणून आता कागद. तो दारातून आत येऊन पडतो, त्याला कुणी उचलण्याची वाट बघावी लागत नाही. फाडायचा असेल तर खुशाल फाड, पण फाडायला का होईना, हातात घ्यावा लागेल.

आई बरी आहे. जेवते, झोपते, गुडघ्यांना नावं ठेवते. संध्याकाळी सातला टीव्हीसमोर बसून माझी मालिका बघते. तू गेलीस त्याच सुमाराला ती सुरू झाली होती, अजून चालूच आहे. त्या घरात रोज कुणीतरी कारस्थान करतं, पण इतक्या वर्षांत एकाही बाईनं एक भांडं विसळलेलं नाही. मी एकदा तसा सीन लिहिला होता. दोघी बहिणी भांडी विसळता विसळता बोलतात. चॅनेलनं विचारलं, "यात घडतं काय?" मी म्हटलं, "भांडी स्वच्छ होतात." तो सीन गेला.

माझं विचारशील तर (विचारणार नाहीस, पण मला दोन्ही बाजूंचं बोलणं लिहायची सवय आहे) मी आहे तिथेच आहे. मालिका संपताना नावं येतात, तेव्हा चॅनेलवाले पडदा दाबून अर्धा करतात आणि उरलेल्या अर्ध्यात पुढच्या कार्यक्रमाची जाहिरात लावतात. माझं नाव त्या दाबलेल्या अर्ध्यात, मेकअपवाल्यांच्या वर, मुंगीएवढं. आधीच्या मालिकांच्या वेळी बाबा टीव्हीला नाक लावून उभे राहायचे, आठवतं? "आलं" आणि "गेलं" हे दोन शब्द ते इतक्या लागोपाठ म्हणायचे की तुला वाटायचं त्यांना उचकी लागली.

या धंद्यात प्रत्येकाचा हात कशावर तरी बसलेला असतो. कुणी भांडणं चांगली लिहितं, कुणी लग्नं. माझ्याकडे गैरहजर माणसं येतात. नटाला सिनेमा मिळाला, नटीला दिवस गेले, कुणी रुसून घरी बसलं, की निर्मात्याला माझी आठवण होते. मग मी त्या माणसाला परगावी पाठवते, कोमात ठेवते, नाहीतर जिन्यावरून पाडते. माझ्यामुळे इतकी माणसं जिन्यावरून पडली आहेत की आपल्या इमारतीचा जिना उतरताना मी कठडा सोडत नाही.

आत्ताच्या मालिकेत एका विधवा बाईच्या मुली आहेत. त्यातली थोरली झालेली नटी गेल्या वर्षी दुसऱ्या चॅनेलवर गेली. तिला मारायचं नाही आणि तिच्या जागी दुसरीही आणायची नाही, असा हुकूम आला. म्हणून मी थोरलीला परदेशात नोकरीला धाडली. तेव्हापासून ती फक्त फोनवर असते. पडद्यावरची आई फोन कानाला लावून बोलते, पलीकडचं कुणालाच ऐकू येत नाही. बाकीचे लेखक अशा ठिकाणी नुसते ठिपके देतात. मी कंसात पलीकडची वाक्यंही लिहून देते. ती कुणी बोलत नाही, कुठे वाजत नाहीत. पण नटीला आपण काय ऐकतोय हे माहीत असलं की तिचा चेहरा खोटं बोलत नाही. सेटवर त्यामुळे माझं नाव कंसबाई पडलं आहे.

तू आता म्हणणार, थोरली म्हणजे मीच. नाव तुझं नाही, नोकरी तुझी नाही. एक सवय मात्र मी तुझी उचलली होती. थोरली आईला वाक्य पूर्ण करू देत नसे. बाबा म्हणायचे ना, हिच्याशी बोलायचं तर वाक्याचा शेवट आधी बोलून घ्यावा. पण पडद्यावरच्या आईचं काम करणाऱ्या बाई, त्यांना सगळे मोठ्या बाई म्हणतात, त्या चिडल्या. "माझं वाक्य मध्येच का मोडतेस? क्लोजअप कशावर घेणार, अर्ध्या वाक्यावर?" खरंच आहे. मालिकेत कुणी कुणाचं बोलणं तोडत नाही, प्रत्येक वाक्यामागे एक चेहरा दाखवायचा असतो. मी ती सवय काढून टाकली. आता थोरली फार समंजस आहे, आईचं सगळं शेवटपर्यंत ऐकून घेते.

एकदा फोन कर. मला नको, घरच्या जुन्या फोनवर कर. नंबर तोच आहे.

धाकटी


२ फेब्रुवारी

ताई,

मागच्या पत्रात आई बरी आहे असं लिहिलं. ती बरी नाही.

वर्ष झालं असेल. आधी चष्मा फ्रीजमध्ये सापडला, मग गॅस तसाच राहिला, मग एकदा ती कोपऱ्यावरच्या औषधवाल्याला स्वतःचं घर कुठे आहे ते विचारायला गेली. डॉक्टरांनी आजाराचं नाव सांगितलं, ते तुला अंदाजानं कळेलच. दिवसा एक मावशी येतात सांभाळायला. मी स्टुडिओतून आले की त्या जातात. तुला कळवलं नाही, कारण शेवटचं आपण बोललो तेव्हा मी नुसतं "आईशी बोल" म्हटलं आणि तू फोन ठेवलास. पुन्हा तेच म्हणायला मला तोंड नव्हतं.

आता नीट ऐक. आईला ते भांडण आठवत नाही. बाबांना मोठ्या हॉस्पिटलात न्यायचं तू ठरवलंस, ऑपरेशन झालं आणि ते परत आले नाहीत, यातलं बाबा गेले एवढंच तिच्याकडे उरलं आहे. दवाखान्याच्या त्या पिवळ्या बाकावरून उठून, सगळ्यांच्या देखत, "माझ्या नवऱ्याला तू मारलंस" असं ती तुला म्हणाली, ते पार पुसलं गेलंय. मी एकदा आडून आडून विचारून पाहिलं. ती म्हणाली, "ताईनंच तर सगळं केलं गं त्यांचं. मी तर नुसती बसून होते."

तुला संताप येईल. मलाही येतो. बोलणारी विसरून मोकळी झाली आणि ऐकणारीनं चार वर्षं ते छातीवर वागवलं. माफी मागायची तर आधी काय केलं ते आठवायला हवं, आणि तेच तिच्या हातात राहिलेलं नाही.

पण तिला तू आठवतेस. रोज. आणि आता जे सांगते त्यावर हसू नकोस. मालिकेतली थोरली म्हणजे तूच, असं ती धरून चालली आहे. मोठ्या बाई फोनवर बोलायला लागल्या की आई खुर्चीत पुढे सरकते. "थंडी आहे का गं तिकडे?" असं मोठ्या बाईंनी विचारलं की आईही विचारते. मग दोघी गप्प राहून ऐकतात. सीन संपला की मला सांगते, "ताईचा फोन होता. बरी आहे." त्या रात्री तिला झोपेची गोळी लागत नाही.

मी काय करते, तर आठवड्यातून एकदा थोरलीचा फोन घालते. कथेत गरज नसली तरी. चॅनेलची क्रिएटिव्ह विचारते, "मॅडम, परत फोन?" मी म्हणते, प्रेक्षकांना आवडतं. एका प्रेक्षकापुरतं ते खरंही आहे.

पलीकडची वाक्यं मी लिहिते खरी, पण हल्ली मला ती सुचेनाशी झाली आहेत. चार वर्षांत तू कशी बोलायला लागली असशील, कोण जाणे.

धाकटी


१६ फेब्रुवारी

ताई,

घाईत लिहिते आहे. काल चॅनेलच्या ऑफिसात मीटिंग झाली. काचेची खोली, थंडगार, मधोमध एक लांबलचक टेबल आणि त्यावर एकही कागद नाही. आमची क्रिएटिव्ह म्हणजे चॅनेलतर्फे आमच्या डोक्यावर बसवलेली मुलगी. मनानं वाईट नाही, फक्त तिला कुठलीही गोष्ट तीन आठवड्यांपलीकडे नको असते. मालिकेचे आकडे घसरले आहेत. तिनं पाण्याची बाटली बाजूला सरकवली आणि म्हणाली, "थोरलीला घालवू या."

मी म्हटलं, "ती गेलेलीच आहे."

"तसं नाही मॅडम. कायमची. अपघात. बातमी फोनवर येते. इतके दिवस आईला ज्या फोननं धीर दिला, तोच फोन. लोक ढसाढसा रडतील."

खरं सांगू का, कल्पना चांगली आहे. मला सुचायला हवी होती. म्हणूनच माझ्या तोंडचं पाणी पळालं. मी म्हटलं, तिचं लग्न लावू, तिला तुरुंगात टाकू, तिची स्मृती घालवू. स्मृतीवर तर मी अर्धा तास बोलले असेन. ती शांतपणे ऐकत होती, मग म्हणाली, "मॅडम, तुम्ही फार गुंतलाय हिच्यात. तुमच्याच्यानं होणार नसेल तर दुसरं कुणी लिहील."

घरचं मी तिला सांगितलं नाही. सांगून काय झालं असतं? तिला वाईट वाटलं असतं आणि तिनं तोच सीन दुसऱ्याकडून लिहून घेतला असता.

तो भाग नऊ मार्चला लागणार आहे. त्याआधी तू घरी एक फोन कर. एकदा तुझा खरा आवाज तिच्या कानात बसला की पडद्यावर कुणी का मरेना. तुला काही बोलायचं नसेल तर बोलू नकोस, नुसतं "ऐक" म्हण. तू नेहमी तिथूनच सुरुवात करायचीस, समोरचा आधीच बोलत असला तरी.

हात जोडते.

धाकटी


१ मार्च

ताई,

फोन आला नाही.

मी बंदोबस्त केला आहे. नऊ तारखेला सकाळी केबलची वायर मागून काढून ठेवायची. आईला सांगायचं, बिघाड आहे. दुसऱ्या दिवशीपासून सातला जुने भाग लावायचे, ते माझ्याकडे साठवलेले आहेत. तिला फरक कळणार नाही. ती थोरलीचे जुनेच फोन पुन्हा ऐकेल आणि रोज नव्यानं खूश होईल. मावशींनाही बजावून ठेवलं आहे.

आणि एक गोष्ट मागच्या पत्रात लिहिली नाही. तो सीन मीच लिहिला. दुसऱ्या कुणाला द्यायचा जीव झाला नाही. दुसऱ्यानं थोरलीला ट्रकखाली घातलं असतं, वर हॉस्पिटल, रक्त, पट्ट्या. मी नुसता फोन ठेवला. मोठ्या बाई कपड्यांच्या घड्या घालत असतात, फोन वाजतो, उचलतात, ऐकतात. बस.

शूटिंगला मी गेले होते. मोठ्या बाईंनी कागद हातात घेऊन मला बाजूला बोलावलं.

"कंस रिकामा का आहे? पलीकडून काय सांगतायत मला?"

मी म्हटलं, "नाही लिहवलं."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. त्यांच्या डोळ्यांत मेकअपचं काजळ होतं, ते त्यांनी बोटानं सारखं केलं. "बरं," म्हणाल्या, "मी बघते माझं." आणि पहिल्याच टेकला दिलं. कॅमेरामन नाक ओढत होता. कंस रिकामा होता म्हणूनच तो सीन तसा झाला, असं सगळे म्हणाले. माझ्या सगळ्या नोकरीत माझं एवढं कौतुक कधी झालं नव्हतं, आणि तेही मी न लिहिलेल्या ओळीबद्दल.

अजून वेळ आहे.

धाकटी


६ मार्च

ताई,

आईला कळलं. तिच्या लेखी तू गेलीस.

आम्ही लिहिणारे भागांच्या हिशेबानं जगतो. कोणता भाग कोणत्या तारखेला लागणार, हे मला झोपेतून उठवून विचार. पण जाहिरातीचा तुकडा आम्ही लिहीत नाही. तो चॅनेलमध्ये कापतात, आणि मोठा प्रसंग असला की आठवडाभर आधीपासून दर ब्रेकला वाजवतात. बावीस वर्षं या धंद्यात आहे आणि हे माझ्या डोक्यातच आलं नाही. मी नऊ तारखेच्या सात वाजण्यावर पहारा देत बसले, आणि परवा दुपारी मावशी आपला स्वयंपाकाचा कार्यक्रम बघत होत्या, त्याच्या मध्यावर ते लागलं. त्याच चॅनेलवर. मोठ्या बाई, घडी घातलेला टॉवेल, हातातून सुटलेला फोन. वर भरदार आवाजात, "थोरली आता कधीच परतणार नाही!"

मावशींनी रिमोट शोधेपर्यंत ते दोनदा दाखवून झालं.

मी आले तेव्हा आई पलंगावर भिंतीकडे तोंड करून बसली होती. म्हणाली, "तुझी ताई गेली. आणि मला टीव्हीवरून कळावं? घरातल्या माणसांना सांगायला काय झालं होतं?"

मी सांगितलं, खोटं आहे, नाटक आहे, मीच लिहिलंय. "तू लिहिलंस?" असं म्हणून तिनं माझ्याकडे जे पाहिलं, ते मी कुणाला सांगणार नाही. तुलाही नाही. मग तुझे फोटो काढले, मोबाईलवरचा व्हिडिओ लावला. "हे जुनं आहे," म्हणाली. ते जुनंच आहे. नवं माझ्याकडे काय आहे?

मला वाटलं, सगळं विसरते तसं हेही विसरेल. माझं नाव विसरते, गोळी घेतली की नाही विसरते. हे नाही विसरत. काल सकाळी उठून पुन्हा तेच. जेवत नाही. चहात बुडवलेलं बिस्किट तेवढं कसंबसं. जुन्या फोनपाशी जाते, रिसीव्हर कानाला लावते, नुसता टूं ऐकते आणि ठेवते.

तू जिवंत आहेस हे पटवून द्यायला मी कामाची नाही. मी लिहिणारी आहे, माझ्यावर कोण विश्वास ठेवणार? तूच हवीस. चार वर्षांपूर्वी तिनं तुला जे म्हटलं त्याचा हिशेब नंतर करू. मी तुझ्या बाजूनं उभी राहीन, वाटेल तिथे. आत्ता फक्त फोन उचल.

धाकटी


२० मार्च

ताई,

तू नाहीच केलास. म्हणून मला जे जमतं ते मी केलं.

थोरली झालेल्या नटीला मी शोधून काढलं. दुसऱ्या चॅनेलवर हल्ली ती पोलिसाची बायको आहे. चांगली मुलगी. शूटिंगच्या मधल्या सुट्टीत, अर्धे केस पिनांत गुंतलेले, तशी माझ्यासमोर बसली आणि ऐकताना तिचे डोळे भरले. "मी करते मॅडम. तुम्ही लिहून द्या." मी दोन्ही बाजूंची वाक्यं लिहिली. आई काय विचारेल ते मला पाठ होतं. उत्तरं तुझी. यावेळी ती खरोखर कुणीतरी बोलणार होतं.

ठरलेल्या वेळी फोन वाजला. मी आईच्या हातात रिसीव्हर दिला. ती ऐकत राहिली. हळूहळू बोलायला लागली. गुडघे, मावशी, शेजारच्यांनी बदललेला दरवाजा, सगळं सांगितलं. मला वाटलं, जमलं. कधी नव्हे ते मी एक माणूस परत आणलं.

आईनं फोन ठेवला आणि विचारलं, "कोण होती?"

"ताई. ताई होती ना."

"हट." तिला रागही आला नव्हता. "मी बोलत होते आणि ती ऐकत होती. शेवटपर्यंत. तुझ्या ताईनं जन्मात कधी माझं एक वाक्य पुरं होऊ दिलंय? टीव्हीवरची असेल ती. गोड होती बिचारी."

मग बराच वेळ पदराचं टोक बोटाला गुंडाळत, सोडत बसली. आणि म्हणाली, "गेलेल्या माणसाच्या जागी दुसरं माणूस उभं करता तुम्ही, ते तिकडे करा. घरात नको आणूस ते."

मी स्वयंपाकघरात गेले आणि ओट्याला धरून रडले. लाज वाटली म्हणून, आणि तिला तू इतकी लख्ख ठाऊक आहेस म्हणूनही. माझी कुठली खूण तिच्याकडे शिल्लक आहे, देव जाणे. माझ्याही आवाजात बोलायला कुणाला बसवलं तर ती ओळखेल का, हा प्रश्न मी स्वतःला विचारला आणि लगेच सोडून दिला.

नोकरीचं सांगायचं राहिलं. थोरलीच्या मरणाचे आकडे जोरदार आले. पुढच्या आठवड्यात निर्मात्यानं फार गोड बोलून मला मोकळं केलं. त्याचंही चूक नाही. गैरहजर माणूसच संपलं, आता कंसबाई कशाला? नावांच्या यादीतून मी गेले आहे. मेकअपवाले एक ओळ वर सरकले.

धाकटी


१८ एप्रिल

ताई,

आई गेली हे तुला मेसेजनं कळवलंच होतं. तू वाचलास, हेही दिसलं. शेवटी छातीत कफ झाला, दोन दिवस हॉस्पिटलात होती, पहाटे झोपेतच संपली. हॉस्पिटल लहान होतं, कोपऱ्यावरचं. मोठ्या ठिकाणी न्यायचं का, असं डॉक्टरांनी मला विचारलं होतं. मी "नको" म्हटलं. हे तूच समजू शकशील, म्हणून सांगते. "ने" म्हटलेलीला बोल लागला आणि "नको" म्हटलेलीला बोलायला कुणी उरलेलंच नाही. तिथल्या बाकावर मी एकटी होते.

माणसं आली होती. मोठ्या बाई आल्या, मेकअप न करता, मी आधी ओळखलंच नाही. तू आली नाहीस. त्याबद्दल मी काही म्हणणार नाही.

हे पत्र वेगळ्याच गोष्टीसाठी आहे. ती मी तुला कळवली नव्हती, कारण मला वाटत होतं तू आपण होऊन सांगशील.

आईला कफ झाला त्याच्या आठवडाभर आधीची दुपार. मी बाजारातून आले. मावशी मोरीत चादरी धूत होत्या, नळ सोडलेला. मी दार ढकललं तर आई जुन्या फोनवर बोलत होती. मी पिशवी हातात धरून तिथेच थांबले.

"जेवले... अर्धं. मावशी ओरडते मला... तू बारीक झालीस का गं? आवाज तसा येतोय."

माझ्या मनात पहिल्यांदा काय आलं असेल? की ही आता एकटीच बोलायला लागली. मोठ्या बाईंचा सीन हिच्या डोक्यात बसलाय आणि त्यांच्यासारखी ही समोर कुणी नसताना फोन धरून उभी आहे. इतकी वर्षं मी हेच लिहीत आले, मला ते ओळखता येणार नाही तर कुणाला? मी पुढे होऊन रिसीव्हर घेणार होते. तेवढ्यात ती म्हणाली,

"त्या दिवशी मी तुला जे म्हण—"

आणि थांबली. डोळे मिटून ऐकत राहिली. मग पुन्हा,

"हो गं, पण मी तसं म्हणा—"

पुन्हा थांबली. मग हसली. आईला हसताना मी कितीतरी दिवसांनी पाहत होते.

"बरं. बरं बाई. नाही काढत तो विषय."

ताई, माझ्या हातची पिशवी खाली गेली, कांदे घरभर झाले. आईचं वाक्य कुणीतरी तोडलं होतं. दोनदा, ऐन माफीच्या तोंडावर. हे ती टीव्हीवरून उचलणं शक्य नव्हतं, तिथे कुणी कुणाचं वाक्य तोडत नाही. तो नियम मी पाळलाय. आणि जे ती विसरली असं मी तुला छातीठोकपणे लिहिलं होतं, ते तिला आठवत होतं. कधीपासून, ते तिलाच माहीत.

तिनं रिसीव्हर ठेवल्यावर मी विचारलं, "कुणाचा फोन होता?"

"तुला काय करायचंय?" म्हणाली. "तुला सांगितलं की ते टीव्हीवर येतं."

त्या दिवशी ती पोटभर जेवली. त्यानंतर एकदाही जुन्या फोनपाशी गेली नाही, तू गेलीस असं तोंडातून काढलं नाही. मावशींना विचारलं, फोन वाजला का? त्या म्हणाल्या, नळ चालू होता, काही ऐकू आलं नाही. फोन कंपनीत जाऊन चौकशी करता आली असती. मी गेले नाही. तिथल्या कुणीतरी "असा कुठलाच फोन आला नाही" म्हटलं असतं तर मी घरी कशी आले असते?

तूच होतीस. मला खात्री आहे, म्हणजे दिवसाउजेडी असते. अंधार पडला की मी उठून त्या फोनपाशी जाते, रिसीव्हर कानाला लावते, टूं ऐकते, ठेवते. आईच करायची ते.

आज घर आवरत होते. तिची खुर्ची टीव्हीसमोरून हलवली, खाली फरशीवर तिच्या पायांचे दोन घासलेले डाग निघाले. मग तुला लिहायला बसले. एवढी पत्रं लिहिली आणि तू एकदाही मला मध्येच तोडलं नाहीस. माझी सगळी वाक्यं नीट पुरी झाली, शेवटच्या टिंबापर्यंत. लहानपणी याच्यासाठी मी किती भांडायचे तुझ्याशी! आता नको वाटतं. घरात दुसरं कुणी नाही, आणि माझंच बोलणं माझ्यापाशी परत येतं.

कंसातली वाक्यं मी लिहिणार नाही. तुझ्या वाटची तर नाहीच, आईनं मनाई केली आहे. म्हणून हे शेवटचं वाक्य मी मुद्दाम अर्ध्यावर सोडते. नंबर तोच आहे. "ऐक" म्हण आणि तोड. ताई, आता आपण दोघीच उरलो, आणि मला तुला कधीपासून एवढंच सांगायचं होतं की त्या दिवशी दवाखान्यात मी तुझ्या शेजारी उभी होते आणि एक शब्द बो—